'जैसे थे'चा हुकूम

गल्लीत त्याला सगळे कवळीवाला म्हणत. दातांचे डॉक्टर पेशंटच्या हिरड्यांचं माप पाठवत आणि हा पुढच्या खोलीत बसून कवळ्या घडवी. मेणात दात बसवणं, साचा भरणं, उकळणं हे सगळं हाताचं काम. शेवटचं घासणं मात्र विजेच्या मोटरीवर. त्यात कसर राहिली की कवळी टोचते, आणि तोंडातल्या वस्तूला 'चालवून घ्या' चालत नाही.

घर वडिलांनी बांधलेलं, जागा आजोबांची. आजोबांनी दोन्ही मुलांना पुढची-मागची अशी तोंडी वाटणी करून दिली आणि डोळे मिटले. वडील आणि काका होते तोवर तो शब्द टिकला. ते गेल्यावर मागच्या घरातल्या चुलतभावाने सगळ्या जागेवर दावा लावला. दोन्ही घरांना मिळून मीटर एकच, तेही काकांच्या नावाचं. चुलतभावाने पुढच्या घराची तार काढून टाकली. पंधरा दिवसांनी कोर्टाचा हुकूम आला: निकाल लागेपर्यंत परिस्थिती जैसे थे ठेवावी.

"म्हणजे आपली लाइट?" बायकोने विचारलं.

"हुकूम निघाला तेव्हा अंधार होता. आता अंधारच जपायचा."

तो वीज कचेरीत गेला. कारकुनाने अर्ज वाचला. "जागेचा वाद आहे. सगळ्या हिस्सेदारांच्या सह्या आणा."

"ते देणार नाहीत."

"मग तुम्ही तिथे राहता याचा पुरावा द्या. हमीपत्रावर बघू."

"कसला पुरावा?"

"विजेचं बिल चालेल," कारकून सवयीने बोलून गेला आणि मग उगाच टेबलावरचे कागद सारखे करू लागला. घरपट्टीची पावती होती, पण तीही काकांच्या नावाची.

दुसरीकडे खोली घ्यावी म्हटलं, तर वकील म्हणाले, "ताबा सोडलात की दावा गेलाच समजा." आई जेवू घालीना, बाप भीक मागू देईना. तीन वर्षं तो खिडकीशी बसून पॉलिशपेपरने कवळ्या घासत राहिला. दिवसाला चार व्हायच्या, तिथे एक होऊ लागली. काम देणाऱ्या तिघांपैकी दोन डॉक्टरांनी दुसरा माणूस बघितला. डोळ्यांतून पाणी यायला लागलं.

एका सकाळी मागच्या घरातली काकू, चुलतभावाची आई, रुमालात मोडकी कवळी घेऊन आली.

"दोन दिवस लागतील, काकू. हाताने घासायची आहे."

ती तिथेच बसून राहिली. बोळक्या तोंडाने म्हणाली, "तू केलेले दात लावूनच कोर्टात तुझ्याविरुद्ध बोलले रे मी."

"बोलताना हलत नव्हती ना?"

काकू हसली. जाताना म्हणाली, "कुठे सही करायची ते दाखव."

कारकुनाने ती सही पाहिली. "बाकीच्या वारसांच्या आणखी चार लागतील."

संध्याकाळपर्यंत चुलतभावाला कळलं. तो दारात येऊन उभा राहिला. "दादा, आईला यात ओढू नकोस. लाइटच पाहिजे ना? माझ्या परवानगीने राहतोस, एवढं लिहून दे. आठवड्यात तार जोडतो."

बायको तीन वर्षांत एकदाही काही म्हणाली नव्हती. चुलतभाऊ गेल्यावर म्हणाली, "अहो, घर राहील आणि डोळे जातील. मग त्या घरात काय बघाल?"

त्याने आठ दिवस काढले. नवव्या दिवशी सही केली.

चार दिवसांत लाइट आली. एक डॉक्टर परतले. कागदाची नक्कल वाचून वकिलांनी चष्मा काढून ठेवला. "आता मी कोर्टात बोलू काय?"

पुढच्या महिन्यात चुलतभाऊ दार न वाजवता आत आला. बरोबर गवंडी होता. दोघांनी पुढच्या खोलीला टेप लावला, या भिंतीपासून त्या भिंतीपर्यंत.

"तू काम चालू दे, दादा."

टेप पायाशी आला तेव्हा कवळीवाल्याने पाय उचलून स्टुलावर घेतले आणि हातातली कवळी पुन्हा मोटरीला लावली.