उलटे डबे

काकांच्या सव्वीस वर्षांच्या दुकानावर पाणी फिरवलं ते मी, आणि तेही हातात फडकं घेऊन. परीक्षा संपवून घरी लोळत होतो. काकू म्हणाली, "नुसता अंथरूण झिजवतोस, जरा दुकान तरी आवर." मी आवरलं. खालच्या फळीवर अकरा डबे उलटे ठेवलेले दिसले. ते पुसले, सरळ केले, लेबलं पुढे करून ओळीत लावले आणि स्वतःवरच खूश झालो.

काका बी-बियाणं आणि कीटकनाशकं विकत. परवाना काचेच्या चौकटीत टांगलेला. मुदत संपलेला डबा ते उलटा ठेवत. कंपनीची गाडी येऊन परत नेईपर्यंत बिचारा डोक्यावर उभा. ही खूण गिऱ्हाइकांना ठाऊक होती, आजवरच्या तिन्ही तपासनिसांना ठाऊक होती. ठाऊक नव्हती ती फक्त मला, घरातल्या होऊ घातलेल्या पदवीधराला.

त्याच दुपारी नवा तपासनीस आला. त्याने फोटो काढले आणि कागदावर लिहिलं: विक्रीच्या फळीवर मुदत संपलेला माल, नग अकरा. काका जेवून आले तेव्हा तो सही मागत होता. काकांनी एकदा फळीकडे पाहिलं, एकदा माझ्याकडे.

"शहाण्या," एवढंच म्हणाले, आणि सही केली.

चौथ्या दिवशी शटरला सील लागलं. सोबत नोटीस होती: परवाना का रद्द करू नये, याचा खुलासा द्या. काकांनी घोटीव अक्षरात चार पानं लिहिली. त्यांत माझ्या पराक्रमाला जेमतेम अर्धी ओळ होती, 'घरातील व्यक्तीच्या नजरचुकीने'.

"माझं नाव लिहा ना," मी म्हटलं.

"तुला उद्या नोकरी शोधायची आहे. गप बस."

सुनावणी बुधवारी होती. काकांनी दाढी केली, इस्त्रीचा शर्ट घातला, साठ्याची वही काखेत मारली. सकाळी दहापासून आम्ही बाकावर बसलो होतो. चार वाजता आत बोलावलं. साहेब फोनवर होते, फोन खाली न ठेवताच म्हणाले, "बोला."

काका बोलले. वही उघडून एकेका डब्याची नोंद दाखवली, मुदतीनंतर एकही विकलेला नाही. पहिल्या चुकीला लेखी ताकीद द्यावी, असं नियमातच आहे, तेही दाखवलं. शेवटी अडखळत म्हणाले, "समोरचा पंपवाला, फवारणीचे पंप नि औषधं विकतो, त्याच्याकडे गेल्या वर्षी असेच चौदा डबे सापडले होते. त्याला ताकीदच दिलीत. त्यानेच मला हे सांगायला सांगितलंय, साहेब."

"त्यांचं प्रकरण वेगळं."

"वेगळं कसं?"

"वेगळं म्हणजे वेगळं. या आता."

तरी बाहेर पडताना काकांच्या चालीत जोर होता. "ऐकून तरी घेतलं," ते म्हणाले.

शनिवारी निकाल हातात पडला. परवाना रद्द. काकांनी चष्मा पुसला, कागद खिडकीपाशी नेला, खालची तारीख पुन्हा वाचली. तारीख मंगळवारची होती.

"मी बोललो बुधवारी," ते हळूच म्हणाले.

"मोठे साहेब आहेत," काकू म्हणाली, "त्यांना आदल्या दिवशीच ऐकू येत असेल." मग पदर तोंडाला लावून आत गेली. ती हसत नव्हती.

वरच्या कार्यालयात अपील करता येत होतं. काकांनी ते केलं, सोबत सुनावणीचं पत्र आणि निकाल जोडला, दोन्ही तारखांना लाल पेन्सिलीने गोल करून. पाच महिने गेले. पेरण्या उरकल्या, सीलमागे बियाणं जुनं होत गेलं. अखेर बोलावणं आलं. दारावर पाटी जुन्याच वरिष्ठांची होती, पण आत खुर्चीत आपले बुधवारचे साहेब. बढती मिळाली होती.

काका दारातच थबकले. "साहेब, हा निकाल तर तुमचाच."

"मग बरंच की. मला प्रकरण पाठ आहे, तुमचाच वेळ वाचेल."

काकांनी वही उघडली नाही. "एकच विचारतो. निकाल मंगळवारी लिहिलात, तर बुधवारी मला कशाला बोलावलं होतं?"

साहेब चिडले नाहीत. समजावल्यासारखे म्हणाले, "नियम आहे ना, काका. म्हणणं ऐकून घ्यावं लागतं."

अपील चार ओळींत फेटाळलं गेलं. आणखी वर जायला वकील हवा होता. काकांनी त्याचा विषयच काढू दिला नाही.

आता ते पंपवाल्याच्या गल्ल्याशेजारी स्टुलावर बसतात आणि त्याचा माल विकतात. गिऱ्हाईक सवयीने भाव त्यांनाच विचारतं, आणि ते पंपवाल्याकडे बोट दाखवतात. परवा मी तिथेच होतो, तेव्हा शिलाईवाल्या मावशी आल्या. काकांकडून नेलेलं फुलांचं बी उगवलं नव्हतं, आणि बदली पुडी देतो असं काका म्हणाले होते.

"तेवढी पुडी द्या की," मावशी म्हणाल्या.

"ती शटरच्या आत आहे, मावशी."

"अगंबाई, विसरलेच. राहू दे मग."

"राहू कशी दे? माझं देणं आहे ते."

मी पटकन म्हटलं, "काका, इथली एक देऊन टाकू."

"याचं बी याच्या दुकानाचं," काका म्हणाले. "माझं मी देईन."

कधी, ते मावशींनी विचारलं नाही. पिशवी काखोटीला मारून त्या निघून गेल्या.