वेणी घालून घरी

काल नातीच्या डोक्याला उवांचं औषध लावलं आणि त्या उग्र वासासरशी मी मनोरुग्णालयातल्या बायकांच्या वॉर्डात जाऊन पोचले. थोरल्याच्या बाळंतपणानंतर मला भास व्हायला लागले, तेव्हा घरच्यांनी नाशिकहून नेऊन मला तिथे ठेवलं होतं. उवांचं निमित्त करून तिथे सगळ्यांचे केस मुळापासून कापत. माझी पाळी आली, तशी शेजारच्या खाटेवरची पेठकडची जनाबाई मध्ये येऊन उभी राहिली. तिचं डोकं आधीच भादरलेलं होतं.

"हिच्या केसांना हात लावायचा नाय."

"वेडी आहेस तू, हो बाजूला!" आया ओरडली.

"वेडी हाय, मेंढी नाय!"

कुणीतरी खुदकन हसलं. मग एकेक बाई उठून तिच्या शेजारी उभी राहिली. शेवटी सिस्टरनी कात्री ठेवून औषध आणि फण्या मागवल्या. त्या दुपारी व्हरांड्यात बसून आम्ही एकमेकींच्या उवा काढल्या.

तेव्हा मला जनाबाईची भीतीच वाटली होती. आज मी तिच्यासारखं बोलायला शिकलेय. घरचे अजून लोकांना सांगतात, की मी तेव्हा माहेरी होते. मी त्यांच्यादेखत सांगते, वेड्यांच्या इस्पितळात होते, आणि वेणी घालून घरी आले.