छताची चावी

मी जात्याच घाबरट. कुणी मोठ्यानं बोललं की आधी आपलं काय चुकलं ते आठवायचं, ही लहानपणापासूनची खोड. त्या खोडीपायी चार बिऱ्हाडांचं छत गेलं.

ऐंशीच्या दशकात आम्ही बल्लारपुरात भाड्यानं राहायचो. खाली घरमालक, पहिल्या मजल्यावर आम्ही चार भाडेकरू, आणि त्याच्या वर सगळ्यांचं छत. करारनाम्यात तसं लिहिलेलंच होतं, छताचा वापर सामाईक. बाबा तो कागद फार जपायचे, कारण आडनाव ऐकून दोन घरमालकांनी आम्हाला दारातूनच परत पाठवलं होतं.

त्या उन्हाळ्यात ताईचं लग्न ठरलं. तिच्या सासरी पाठवायला आईनं मूग भिजवले, पाट्यावर वाटले आणि सकाळीच छतावर खाटेवर मुंगवड्या घातल्या. कागद कारखान्याच्या धुराची काजळी बसू नये म्हणून वर तिचं नायलॉनचं पातळ टाकलं. दुपारी आम्ही बघतो तर जिन्याच्या दाराला कुलूप. घरमालकाचा निरोप आला, ज्याला छतावर जायचं त्यानं चावी मागून न्यावी.

"मागून घेऊ ना," बाबा म्हणाले. "घर सोडाले लावलं त् कुठी जाशीन?"

"आपलंच छत आपुन काऊन मागाचं?" आई म्हणाली. "आज मागितलं त् ते त्याचं झालं. मंग मनात आलं त् देईन, नाई त् नाई देईन."

चारही घरच्या बाया आमच्या खोलीत बसल्या. ठरलं, चावी कोणीच मागायची नाही. सकाळी चारही घरचे पुरुष कागद घेऊन जातील आणि कुलूप काढायला लावतील. वड्या एक रात्र वर राहिल्या तर बिघडणार नव्हत्या.

पण चारच्या सुमारास आभाळ भरून आलं. वारा सुटला, गडगडायला लागलं. वाटून वाटून आईची बोटं सुजली होती, त्यांच्याकडे मला बघवेना. "भिजू दे," एवढंच ती म्हणाली आणि शेजारणीकडे गेली. मी खाली घरमालकाकडे पळाले.

"काकाजी, चावी देता का?"

काकाजी स्वतः वर आले. कुलूप उघडलं, माझ्याबरोबर खाट धरून जिन्यात आणून ठेवली. मग चारही दारांत ऐकू जाईल असं म्हणाले, "पोरीनं मागितली, मी देली. मागितल्यावर नाई म्हनलं का?"

पाऊस आलाच नाही.

सकाळी बाबांनी कागद पुढे केला, तो घरमालकानं वाचलाही नाही. "काल त् तुमचीच पोरगी चावी मागून गेली," म्हणाला. बाकीचे तिघं खाली बघत राहिले. दुसऱ्या दिवसापासून सगळेच मागू लागले.

आईनं मला मारलं असतं तर बरं झालं असतं. वड्या डब्यात भरता भरता ती म्हणाली, "भिजल्या असत्या त् पुन्हा घातल्या असत्या."

त्यानंतर चावी लागली की ती माझ्याकडे बघायची. "जा, तुले येते मागता." मी जायची. पुढच्याच उन्हाळ्यात, धुतलेल्या गोधड्यांची बादली घेऊन आई जिन्यात उभी होती आणि मी खाली चावी मागत होते. काकाजींनी पेपरातून मान वर केली नाही. "आज नाई," म्हणाले.

मी "बरं" म्हणाले.