अंजनाबाईंच्या तळहातावरचे चेंडू

धरमपेठेच्या बाजारात अंजनाबाईंच्या भाजीच्या गाड्यावर इलेक्ट्रॉनिक काटा आहे, पण तो गिऱ्हाइकांच्या समाधानापुरता. त्या आधी वांगी हातात घेतात, "अर्ध्या किलोले एक कमी पडते," म्हणतात, आणि काटाही मुकाट्याने तेच सांगतो. रोज कन्हानहून येणाऱ्या अंजनाबाई वजनाच्या बाबतीत कुणाच्या बापाचं ऐकत नाहीत. हे मला चांगलं ठाऊक होतं. तरी मी त्यांच्याशी वाद घातलाच, कारण हट्टीपणात मीही काही कमी नाही.

मी मुलींना बेसबॉल शिकवते. अंजनाबाईंची पिंकी माझ्या संघात पिचर, म्हणजे बॅटवालीकडे चेंडू फेकणारी. दिवाळीपर्यंत तिचा चेंडू सुसाट जायचा. मग महिनाभरात तो गुडघ्याखाली पडायला लागला, तिचा खांदा दुखायला लागला. विदर्भ संघाची निवड चाचणी तीन आठवड्यांवर आली होती. पिंकी एकदा "मॅडम, चेंडू..." असं काही म्हणायला आली, तर मी तिला तिथेच तोडलं. "कारणं नकोत. असंच चाललं तर तुझ्या जागी भैरवीला पाठवीन." सगळ्या मुलींदेखत म्हणाले मी हे.

दुसऱ्या दिवशी गाडा शेजारणीच्या भरवशावर सोडून अंजनाबाई मैदानावर हजर.

"मॅडम, पोरगी कोहळं उचलताना कण्हते. काय करून राहिले तुमी तिले?"

"सराव. घाम गाळावा लागतो, बाई."

"घामाचं नका सांगू मले."

प्रत्येक पिचरची दहा चेंडूंची वेगळी थैली असते. त्यांनी पिंकीच्या थैलीतला एक चेंडू उचलून तळहातावर दोनदा झेलला. मग भैरवीच्या थैलीतला झेलला. "माह्या पोरीचा जड हाये. वीस-पंचवीस ग्राम."

"सगळे सारखेच आहेत. दिवाळीत सगळ्यांना एकाच मोच्याकडून नवं चामडं चढवून आणलंय," मी म्हणाले, आणि बोलता बोलताच पिंकीचा चेंडू हातात घेऊन उलटसुलट करून पाहिला.

सामन्याचा चेंडू एकशेपंचेचाळीस ग्रॅमच्या आसपास असतो. माझ्याकडे एकशेसत्तरचेही काही होते, हात मोकळा करायला आठ-दहा वेळा फेकण्यापुरते. ते ओळखू यावेत म्हणून मी त्यांच्यावर लाल ठिपका दिला होता. आणि ठिपका होता चामड्यावर. मोच्याने जुनं चामडं काढून टाकलं, त्याबरोबर ठिपकेही गेले. पांढरेशुभ्र चेंडू घरी आल्यावर थैल्या भरल्या त्या मीच.

तरीही मी कबूल झाले नाही. "अंदाज नको, वेगळे करून दाखवा," म्हटलं.

अंजनाबाईंनी मांडी ठोकली आणि एकेक थैली रिकामी करत चाळीस चेंडू भाजीसारखे निवडले. दोन ढीग झाले. एका चेंडूवर मात्र त्या अडल्या. "हा न इकडचा न तिकडचा. याच्यात पानी मुरलं हाये," म्हणून त्यांनी तो बाजूला टाकला. पिंकी पळत जाऊन गाड्यावरचा काटा घेऊन आली. एकही चेंडू चुकीच्या ढिगात नव्हता. पिंकीच्या थैलीतले दहाच्या दहा जड निघाले.

"माह्या काट्यात एवढा फरक निघाला असता, त तुमी मले बाजारातून उठवलं असतं," अंजनाबाई म्हणाल्या. "आता सांगा पोरीले."

मी मुलींना गोळा केलं आणि चूक माझी होती हे सांगितलं. फार जड गेलं, पण सांगितलं. पिंकी तेव्हा पहिल्यांदा रडली.

आठवडाभर खांद्याला विश्रांती दिली. मग बरोबर वजनाचा पहिलाच चेंडू तिने असा भिरकावला, की तो समोर झेलायला बसलेल्या कॅचरच्या डोक्यावरून थेट लिंबाच्या झाडात गेला. सगळ्या खो-खो हसल्या, पिंकीसुद्धा.

चाचणीच्या दिवशी आयोजकांनी तिला चेंडू दिला. समोर तीन निवडकर्ते, दोरीपलीकडे अंजनाबाई. पिंकीने चेंडू तळहातावर दोनदा झेलला आणि सरळ निवडकर्त्यांपुढे धरला.

"सर, हा जड हाये. भिजेल हाये वाटते."

महिनाभर तिला एवढंच म्हणायचं होतं, आणि मी म्हणू दिलं नव्हतं. माझी मला लाज वाटली.

निवडकर्त्यांनी चेंडू दाबून पाहिला आणि बदलून दिला. पिंकीने तोही तोलला. दोरीपाशी अंजनाबाईंनी रिकामा तळहात वरखाली केला आणि मान डोलावली.

पिंकीने फेकलं. कॅचरच्या हातमोज्याचा आवाज आमच्यापर्यंत आला. एका निवडकर्त्याने शेजारच्याला न विचारताच तिचं नाव लिहून घेतलं.