एका कानात सुमन, दुसऱ्या कानात इरा

मित्रहो, एक गंभीर तक्रार नोंदवतो. आज वारूळवाडीत आमच्या घरी नातीचं बारसं झालं आणि सख्ख्या आजोबाला पंख्यासमोरची खुर्ची मिळाली नाही.

बाळाच्या कानात नाव सांगायचा मान आत्याचा. आमच्या चिरंजीवांनी तो दोन्ही बहिणींना वेगवेगळा फोन करून देऊन टाकला होता. मग काय, थोरली पाळण्याच्या एका बाजूनं वाकली, धाकटी दुसऱ्या. थोरलीनं गेल्या वर्षी वारलेल्या आईचं नाव सांगितलं, सुमन. धाकटीनं सांगितलं, इरा. बायकांनी दोघींच्याही पाठीत रीतसर धपाटे घातले आणि नात झाली सुमन-इरा.

"राव, तुमी संस्कृत शिकल्यालं," शेजारचे बबनभाऊ म्हणाले. "ह्या जोडनावाचा अर्थ काय व्हतो?"

"सुमन म्हणजे चांगलं मन. इरा म्हणजे भूमी, पाणी, अन्नसुद्धा. पोटात अन्न असलं की मन चांगलं राहतं."

"मंग पंगत बसवा की! लई येळ झाला."

पंगत बसली. दोघी लेकी वाढत होत्या, पण एकमेकींशी अवाक्षर नाही. आईच्या आजारपणात कुणी जास्त केलं, यावरून त्यांचं बोलणं बंद आहे.

तुमच्या घरात असं तुटलेलं पुन्हा जुळलंय का? कसं, ते सांगा. आज दोघी माझ्या शब्दाखातर एका मांडवात आल्या. मी गेल्यावर त्या एकमेकींच्या दारात जातील का, याची मला फार भीती वाटते.