गाढवाची लाथ आणि क्लॅरिनेट

मुलांच्या सिनेमांना संगीत देण्यात माझं अर्धं आयुष्य गेलं. त्याचा पाया एका गाढवानं घातला.

माझा पहिलाच सिनेमा. निर्माता कागलकडचा, तोंडानं तिखट. त्यानं सकाळीच बजावलं, "पार्श्वसंगीत आज नीट झालं तर पुढचा पिच्चर बी तुझा. न्हाय तर मुंबईचा माणूस आणतो बघ."

तेव्हा कोल्हापुरात पडद्यावर चित्र चालायचं आणि ते बघत सगळे वादक एकदम वाजवायचे. एक जण चुकला की रीळ मागं. क्लॅरिनेटला मी लग्नाच्या बँडमधले एक चाचा आणले होते. पन्नाशीचे, फुंक दमदार, पण सिनेमाचं काम पहिलंच. प्रसंग असा, की हेडमास्तर ऐटीत चालत येतात, मागून गाढव लाथ घालतं आणि हेडमास्तर शेणात. त्याला मी चांगली भारदस्त सुरावट लिहिली होती. मुंबईकरांनी कान टवकारावेत अशी. चाचांनी ती झकास उचलली. तेवढ्यात गाढवानं पाय उचलला आणि क्लॅरिनेटमधून "प्यँऽऽ" निघालं. चाचांना हसू फुटलं होतं. हसताना फुंक कुणाच्या बापाला साधते?

पाच वेळा रीळ मागं गेलं, पाचही वेळा प्यँ. वैतागून मी त्यांची खुर्ची भिंतीकडं फिरवली. तरी प्यँ! "मास्तर, डोळं मिटलं तरी दिसतंय की हो ते!" चाचा डोळे पुसत म्हणाले. रडू तर मला येत होतं. तेवढ्यात बाहेर हिशेबात गुंतलेला निर्माता आत आला. रीळ अजून तिथंच अडलंय एवढंच त्याला कळलं. त्यानं घड्याळ बघितलं. "ऱ्हाऊ दे तसंच. पुढच्या खेपेला मुंबईचाच बघतो."

पहिल्या खेळाला थेटर शाळकरी पोरांनी भरलं. माझ्या भारदस्त सुरावटीला पोरं निवांत शेंगा सोलत होती. प्यँ झालं आणि सगळं थेटर खदखदून हसलं. पुढची पोरं तर बाकांवर उभी राहिली.

बाहेर निर्मात्यानं माझ्या पाठीत थाप घातली. "लेका, ते प्यँ कसं सुचलं तुला? पुढचा पिच्चर तुलाच!"

चाचा शेजारीच उभे होते. तरी मी म्हणालो, "आठवडाभर घासलंय त्यावर."

चाचांनी एकदा माझ्याकडं पाहिलं. मग गंभीर चेहऱ्यानं निर्मात्याला म्हणाले, "व्हय की. मास्तरांनी लई तालीम घेतली माझ्याकडनं. भिंतीकडं तोंड करून सुदिक वाजवून घेतलं."

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. पण पुढचा सिनेमा मी घेतला.