आशेरचे सांगलीचे आजोबा

"नाव ठेवायच्या आदी हाक मारून बघावी," असं म्हणून आमचे व्याही तोंडाशी हात धरायचे आणि रस्त्यापलीकडं जाईल अशी हाक द्यायचे. कारखान्यात कुणाला मूल झालं की जेवणाच्या सुट्टीत हा प्रयोग व्हायचा. मग सगळे त्यांच्याभोवती, आणि मी माझा डबा घेऊन एकटा. काही न करता लोकांना आवडणारी अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. त्यांच्या शेजारी बसणं सोपं नसतं.

कुपवाडला आम्ही एकाच कारखान्यात होतो. ते लेथवर, मी स्टोअरमध्ये. ते बेने इस्राएली, म्हणजे मराठी ज्यू, पण जन्म सांगलीतला आणि बोली माझ्यापेक्षा रांगडी. शनिवार त्यांचा विश्रांतीचा वार, म्हणून ती पाळी बदलून मागायचे आणि साहेब हसत द्यायचा. मी एकदा सोमवारची बदलून मागितली तर मिळाली नाही, हे मी अजून विसरलेलो नाही. पुढं त्यांच्या मुलानं आणि माझ्या मुलीनं आपसात लग्न ठरवलं, आणि ज्याचा जन्मभर हेवा केला तोच माणूस माझा व्याही झाला.

निवृत्त होऊन मी साताऱ्याला परतलो. मुलगी बाळंतपणाला माझ्याकडं आली, मुलगा झाला. त्याला माझ्या वडिलांचं नाव द्यावं असं फार मनात होतं. पण मुलगी म्हणाली, त्यांच्या घरात थोरल्या नातवाचं नाव जुनं हिब्रू असतं आणि ते आजोबाच ठरवतात. माझ्या पोटात दुखायला लागलं. पोर माझ्या घरात, माझ्या आईच्या लुगड्याच्या दुपट्यात, आणि नाव मात्र सांगलीहून येणार.

व्याही एसटीनं आले. त्यांच्या मांडीवर बाळ गुपचूप पडायचं, माझ्याकडं दिलं की लगेच ओलं करायचं. चहा झाल्यावर त्यांनी मला अंगणात नेलं आणि तीन हाका दिल्या. एलियाहू. बेन्यामीन. आशेर. समोरचे रिटायर सुभेदार काय झालं म्हणून बाहेर आले.

"पाव्हणं, तिन्ही आमच्या वाडवडलांतली हाईत," व्याही मला म्हणाले. "ह्यातलं कुटलं ठेवायचं, ते तुमी सांगायचं."

मी आशेरचा अर्थ विचारला.

"सुखी."

"मग तेच ठेवा." मनात राग होताच, पण सुखाला नाही कोण म्हणणार?

बारशाला कानात नाव सांगायचा मान आत्याचा, म्हणजे तोही त्यांच्याच मुलीचा. सगळी गल्ली त्यांना म्हणाली, काय सुंदर नाव शोधलंत. "पाव्हण्यांनी निवडलंय," असं ते सांगत राहिले. लोकांना तो त्यांचा विनय वाटला आणि ते आणखीच आवडले. मी बायकोला म्हटलं, अगं, खरंच मी निवडलंय. तर ती म्हणाली, तुम्हाला कुठलं सुचायला. त्या दिवशी मला जिलेबीही गोड लागली नाही.

आशेर मोठा झाला. सुट्टीत माझ्याकडं असला तरी त्यांचा फोन आला की माझ्या मांडीवरून उठून पळायचा, आणि माझा चहा तिथंच कडू व्हायचा.

गेल्या वर्षी ते गेले. त्यांच्यात सात दिवस घरी बसायला माणसं येतात, म्हणून मी सांगलीला गेलो. खोली नातेवाइकांनी भरलेली, बरेचसे मुंबईहून आलेले. मुलगी-जावई आतल्या खोलीत होते, इथं ओळखीचं कुणी दिसेना, म्हणून दारातच थांबलो. तर त्यांची म्हातारी बहीण जमिनीवरून उठायला लागली. मी बसा म्हटलं, ती ऐकेना.

"सरका वाईच," ती सगळ्यांना म्हणाली. "आपल्या आशेरचं नाव ठेवणारं आजोबा आल्यात."

मी कोण, हे एकानंही विचारलं नाही. सगळे सरकले, आणि मला मधोमध जागा झाली. व्याह्यांनी घरादाराला, मुंबईपर्यंत, हेच सांगून ठेवलं होतं. इथं सगळ्यांनी ते खरं मानलं होतं.

मी बसलो. उभं आयुष्य त्यांना अहो-जाहो केलं होतं. त्या दिवशी मनातल्या मनात म्हटलं, गड्या, मान मला दिलास; तो देण्याचा मोठेपणा तरी माझ्यासाठी ठेवायचा होतास.